चार नंबरची काडी

नाशिकची उन्हाळ्यातली संध्याकाळ फार छान असते, असं मला सगळेच सांगतात. मीही मान डोलावते. दिवसभर तापलेलं गाव साडेसहाच्या सुमाराला निवायला लागतं, पांडवलेण्यांच्या डोंगराकडून वारा सुटतो आणि माणसं खुर्च्या घेऊन अंगणात येऊन बसतात. मुंबईचे पाहुणे तर या वाऱ्यावरच खूश असतात. मी त्यांना चहा देते, हसते, आणि माझं सगळं लक्ष फाटकाच्या कडीकडे असतं. मला त्या वेळेची भीती वाटते. चाळिशी ओलांडली तरी वाटते. घरातलं कुणी बाहेर असलं आणि दिवे लागायची वेळ झाली, की मी फाटकापर्यंत फेऱ्या मारायला लागते. नवरा म्हणतो, तुला सवयच लागली आहे घाबरायची. म्हणू दे. त्याचे वडील बँकेत होते.

माझे बाबा अंबडला एका कंपनीत प्रेस शॉपला होते. शाळेत मी "बाबा प्रेसमध्ये आहेत" असं सांगितलं तेव्हा बाईंना ते वर्तमानपत्रात आहेत असं वाटलं, आणि वर्षभर त्या माझ्याशी जरा बरं बोलायच्या. मीही त्यांचा गैरसमज दूर केला नाही. हा प्रेस म्हणजे पत्रा दाबून त्याला आकार देणारं मशीन. बाबांनी आम्हा दोघा भावंडांना ते कसं चालतं हे एकदा स्वयंपाकघरात करून दाखवलं होतं. खाली पोळपाट, वर आईचा बत्ता. पत्र्याचा तुकडा ठेवायचा, हात बाहेर काढायचे, दोन बाजूंची दोन बटणं दोन्ही हातांनी एकदम दाबायची. मग वरचा भाग धाडकन खाली येतो.

"दोन्ही हात बटणांवर असल्याशिवाय तो खालीच येत नाही," बाबा म्हणाले होते. "मग बोटं सापडतील कशी?"

आम्हाला पटलं. आईला पटलं नाही. बाबा चार वाजता पहिल्या पाळीहून आले, की ती तांब्या घेऊन अंगणात जायची आणि त्यांच्या हातांवर पाणी घालायची. साबण, मग मूठभर लाकडाचा भुसा, मग पुन्हा साबण. ऑईल जाईपर्यंत ते हात चोळायचे आणि ती बघत राहायची. ती काय बघते ते मला फार उशिरा कळलं. गल्लीतल्या सगळ्याच बायका तसं बघायच्या. कोपऱ्यावरच्या किराणा दुकानदाराच्या उजव्या हाताला अंगठा आणि करंगळी एवढंच उरलं होतं, आणि कंपनीने दिलेल्या पैशांतून त्याने दुकान टाकलं होतं. आम्ही पोरं त्याला बोटांचं दुकान म्हणायचो. त्याच्यासमोर नाही, पण त्याला माहीत असणारच.

आता काड्यांचं सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यांच्यावर आहे.

उन्हाळ्याच्या सुट्टीत रोज पाचला आईसकांडीवाला घंटी वाजवत यायचा. लाल, केशरी, हिरवी कांडी. खाऊन झाली की सगळी पोरं काडी फेकायची आणि मी त्या गोळा करायचे. धुवायचे, गच्चीवर वाळवायचे, बरणीत भरायचे. मला काड्यांचा बंगला करायचा होता. पुढे मोठी खिडकी, वर गच्ची आणि गच्चीवर पाण्याची टाकी, असा तो होणार होता. भाऊ मला भंगारवाली म्हणायचा आणि मार खायचा.

एकदा बाबांनीच बरणी हातात घेतली. "दोन काड्या दे बरं. चांगल्या जाड बघून."

"कशाला?"

"मशीनला लागतात."

मी लगेच सौदा केला. दोन काड्यांना पाच चकत्या. चकत्या म्हणजे पत्र्याला भोक पाडल्यावर खाली पडणारे गोल चकचकीत तुकडे. त्या भंगारात जायच्या, आणि आमच्या गल्लीत त्या पैसे म्हणून चालायच्या. बाबांना सौदा मान्य झाला. तेव्हापासून दर आठवड्याला मी बरणीतून निवडून काड्या काढायचे. चीर गेलेली नको, वाकडी नको. बाबा ब्लेडने प्रत्येकीचं एक टोक तासून पाचरीसारखं करायचे आणि खिशात टाकायचे. माझ्या काडीशिवाय त्यांचं मशीन चालत नाही, असं मी गल्लीभर सांगत फिरायचे. मला कमालीचा अभिमान होता.

सातवीची परीक्षा झाली होती त्या सुट्टीतली गोष्ट. मे महिना. बाबांची पहिली पाळी, सात ते साडेतीन. चार वाजले तरी ते आले नाहीत. साडेचारलाही नाही. आईने सकाळी केलेल्या कुरडया गच्चीवरून खाली आणल्या, डब्यात भरल्या आणि पुन्हा फाटकापाशी जाऊन आली. डबल ड्यूटी लागली असेल, असं ती मला म्हणाली. मी विचारलं नव्हतं.

डबल ड्यूटी लागली की काय व्हायचं, ते ठरलेलं होतं. बाबांच्याच कंपनीत काम करणारे आणि आमच्यापासून दोन घरं सोडून राहणारे काका येताना बाबांचा रिकामा डबा आणायचे. आई रात्रीचं जेवण त्यात भरायची. मी सायकलवरून कंपनीच्या गेटवर डबा नेऊन वॉचमनकडे द्यायचे. डब्याच्या झाकणावर बाबांचा टोकन नंबर खिळ्याने कोरलेला होता, त्यामुळे चुकायचा प्रश्न नव्हता.

पाच वाजता काका आले. सायकलवरून उतरले नाहीत. एक पाय रस्त्यावर टेकवून फाटकावरून डबा माझ्या हातात दिला.

"डबल का?" मी विचारलं.

"आईकडे दे," ते म्हणाले आणि निघून गेले. एरवी माझी वेणी ओढल्याशिवाय हा माणूस पुढे जायचा नाही.

आईने मोरीपाशी बसून डबा उघडला आणि तशीच थांबली. वरच्या खणात बाबांचं घड्याळ होतं आणि लग्नातली अंगठी. रोज मशीनवर उभं राहण्याआधी बाबा दोन्ही काढून ठेवायचे, कारण अंगठी अडकली तर बोट जातं. पाळी सुटली की आधी अंगठी, मग घड्याळ, मग सायकल. डबल ड्यूटीचा डबा घरी यायचा तेव्हा त्यात या वस्तू कधीच नसायच्या, ते त्या खिशात ठेवायचे. आज त्या डब्यातच राहिल्या होत्या. म्हणजे पाळी सुटली तेव्हा त्या घालायला बाबांना सवड मिळाली नव्हती. किंवा घालता आल्या नव्हत्या. आईने घड्याळ कानाशी धरलं. ते चालू होतं. मला अजून कळत नाही तिने ते कानाशी का धरलं.

"काकांना विचारून ये," ती म्हणाली.

मी धावत गेले. काकांचं दार बंद होतं. मे महिन्यात संध्याकाळी पाच वाजता आमच्या गल्लीत कुणी दार बंद करत नसे. आतून भट्टी होते त्या घरांची. मी कडी वाजवली. काकूंनी दाराची एक फळी उघडली आणि "ते झोपलेत गं" एवढं म्हणून परत लावली. दार लागता लागता त्यांच्यामागे, पलंगावर, काका भिंतीला टेकून बसलेले मला स्पष्ट दिसले. जागे.

मोठी माणसं लपायला लागली की काहीतरी भयंकर झालेलं असतं, एवढं बाराव्या वर्षीही समजतं.

आई चपला न घालता दुकानापाशी गेली आणि मी तिच्या मागे. गल्लीतला एकमेव फोन दुकानात होता. आईने काही सांगायच्या आतच दुकानदाराने हातातला साखरेचा पुडा खाली ठेवला. तिच्या चेहऱ्यावरून त्याला समजलं असावं. त्याने त्या अंगठा-करंगळीच्या हातात रिसीव्हर पकडला आणि डाव्या हाताने कंपनीच्या गेटचा नंबर फिरवला. नंबर त्याला पाठ होता. तिथेच तर त्याची बोटं गेली होती.

तो बराच वेळ फक्त "हां, हां" करत होता. मग फोनवर तळवा ठेवून आईला विचारलं, "वहिनी, दादांचं मशीन कोणतं?"

"चार नंबर."

त्याने पुन्हा फोन कानाला लावला आणि ऐकून घेतलं. ठेवून दिला.

"प्रेस शॉपला लागलंय कुणाला तरी. चार नंबरवर. दवाखान्यात नेलंय. कोणत्या, ते गेटवाल्याला माहीत नाही. नावही माहीत नाही म्हणतो." मग म्हणाला, "मनगटाच्या वर नसतं जात, वहिनी. बोटंच जातात. माणूस जगतो."

त्या बिचाऱ्याने धीर म्हणूनच सांगितलं होतं ते. मला मात्र त्याचा असा राग आला, की मी त्याच्या दुकानातली लिमलेटची बरणी फोडायचीच बाकी ठेवली.

घरी येऊन आईने काय करावं? तिने कणीक मळली. मी बघतच राहिले. पोळ्या केल्या, बटाट्याची भाजी केली, डबा घासला, पुसला, भरला. घड्याळ आणि अंगठी देवासमोर ठेवली.

"ते दवाखान्यात आहेत ना?" मी ओरडले. "डबा कशाला?"

"कुणाचं नाव सांगितलंय का कुणी? असतील कामावर तर भूक लागली असेल." तिचा आवाज अगदी रोजचा होता. मग तिने माझा खांदा धरला, इतका घट्ट की दुसऱ्या दिवशी तिथे वळ होता. "गेटवर जा. भेटले तर हात बघून ये. कुणी निरोप घेऊन आलं तर घरी मी पाहिजे. जा."

मला जायचं नव्हतं. खरं सांगते, मला पलंगाखाली शिरून बसायचं होतं. जाईपर्यंत निदान काही माहीत तरी नव्हतं.

सायकलवर डबा अडकवून मी निघाले तेव्हा सहा वाजून गेले होते. ऊन उतरलं होतं. अंगणांत पाण्याचे सडे पडले होते आणि ओल्या मातीचा वास सुटला होता. बायका पायरीवर मेथी निवडत होत्या. कुणाचा तरी रेडिओ लागला होता. चौकात पोरं क्रिकेट खेळत होती, त्यांचा चेंडू माझ्या चाकात आला आणि ती मलाच ओरडली. सगळं रोजच्यासारखं चाललं होतं आणि त्याचीच मला जास्त भीती वाटत होती. एवढ्या लोकांना काही माहीत नाही, आणि मी त्यांच्यामधून सायकल मारत बाबांची बोटं बघायला निघाले आहे. लिंक रोडला लागल्यावर समोरून कारखान्यातली माणसं घरी चालली होती. मी प्रत्येकाचे हात बघत होते. हँडलवर चार, चार. हँडलवर चार, चार. अंगठे दिसत नव्हते.

गेटपाशी पोचले आणि पहिल्यांदा मला दिसली ती बाबांची सायकल. स्टँडच्या कडेला, हँडलला लाल चिकटपट्टी गुंडाळलेली. बाबा सायकलीशिवाय कुठेही जायचे नाहीत. कोपऱ्यावर जायलासुद्धा नाही.

वॉचमन ओळखीचा होता, सुरगाण्याकडचा म्हातारा. त्याने सवयीने हात पुढे करून डबा घेतला, झाकणावरचा नंबर वाचला आणि डबा परत माझ्याकडे दिला.

"ह्यो नाय ठेवून घेता येणार, बाय. त्ये हितं नायत."

"कुठे आहेत?"

"जिपीत बसून गेले. चार वाजता."

"हात? त्यांचे हात बघितले का तुम्ही?"

म्हातारा गडबडला. "जीप जोरात गेली, बाय. शर्टाला लय रक्त होतं. तेवढंच दिसलं."

परत फिरताना मला सायकल चालवता येईना. अर्ध्या वाटेत एका मोरीच्या कठड्यावर मी बसले. डबा मांडीवर होता, अजून गरम. समोर डोंगराच्या मागे सूर्य चालला होता आणि वारा सुटला होता, तोच तो पाहुण्यांना आवडणारा वारा. घरी जाऊन आईला काय सांगायचं? तिने हात बघून ये म्हणून सांगितलं होतं आणि मी रक्त ऐकून आले होते.

मी देवाशी बोलायला लागले. आधी म्हटलं, काहीच झालेलं नसू दे. ते मलाच खोटं वाटलं. मग म्हटलं, डाव्या हाताची चालतील, उजव्याची नको. मग बोटं वाटून घेतली: करंगळी चालेल, तिच्याशेजारचंही चालेल, पण अंगठा नको, अंगठा नसला की काहीच धरता येत नाही, आमचे मास्तर सांगतात. मग मी डोळे घट्ट मिटले आणि मोठ्याने, अगदी शब्द उच्चारून म्हणाले, "दुसऱ्या कुणाची तरी असू देत. बाबांची नको. दुसऱ्या कुणाचीही चालतील."

ते बोलल्यावर मला जरा बरं वाटलं. हे मी मुद्दाम लिहिते आहे. बरं वाटलं.

गल्लीत शिरले तेव्हा घराघरांत दिवे लागत होते. आमच्या अंगणात आई तांब्या घेऊन उभी होती. पायरीवर बाबा बसले होते. त्यांचा शर्ट पोटापासून खिशापर्यंत तपकिरी झाला होता आणि ते हात पुढे करून बसले होते. आई पाणी घालत होती. मी सायकल तशीच टाकली. डबा रस्त्यावर सांडला. मी त्यांच्या समोर उकिडवी बसले आणि मोजली. पाच आणि पाच. पुन्हा मोजली. दहा.

मी हसले. टाळ्या वाजवल्या. भावाला ओढत बाहेर आणलं आणि दोघं अंगणात नाचलो. देवाने ऐकलं होतं! मी हे मोठ्याने म्हणालेसुद्धा.

बाबांनी मान वर केली नाही.

"पोरगं कळवणकडचं आहे," ते आईला म्हणाले. "पंधरा दिवस झाले लागून. दुसऱ्या पाळीला माझ्या जागी उभं राहिलं. डाव्या हाताची तीन गेली."

"अरे देवा," आई म्हणाली. "नवीन होतं, चुकलं असेल त्याचं."

बाबांनी खिशात हात घातला आणि पायरीवर एक काडी ठेवली. ऑईलने काळी झालेली, एक टोक तासलेलं, दुसऱ्या टोकाला कांडीचा केशरी रंग. ती मी ओळखली. चीर नसलेली, सरळ, जाड. सोमवारी बरणीतून मीच काढून दिली होती.

"माझी काढायची राहिली," बाबा म्हणाले.

मग त्यांनी तुटक तुटक जे सांगितलं ते असं. दोन्ही हातांनी बटणं दाबत बसलं तर पीस कमी निघतात. म्हणून प्रेस शॉपला सगळेच एका बटणात काडी खुपसून ते दाबलेलं ठेवायचे. मग एका हाताने बटण दाबायचं आणि दुसऱ्या हाताने पत्रा सरकवायचा. जुन्या माणसांना त्याचा ठेका जमलेला असतो. पाळी सुटताना काडी काढायची, हा नियम कुठे लिहिलेला नव्हता, पण मोडायचा नाही असा होता. त्या दिवशी शेवटचा लॉट उरकताना साडेतीनची घंटा झाली आणि बाबा डबा उचलून हात धुवायला गेले. त्या मुलाला शिकवलं होतं तेच त्याने केलं. डाव्या हाताने पत्रा ठेवला. उजवा हात बटणावर आधीच होता. दोन्ही हात लागल्याशिवाय खाली येत नाही, असं त्यालाही कुणीतरी सांगितलं असेल.

ओरडणं ऐकून बाबा धावले. त्याला उचलायच्या आधी त्यांनी बटणातली काडी उपटून खिशात घातली. हे दोन घरं सोडून राहणाऱ्या काकांनी बघितलं. डबा त्यांच्याच हातात देऊन बाबा जीपमध्ये बसले आणि त्या मुलाचा हात आपल्या मांडीवर धरून दवाखान्यापर्यंत गेले. कंपनीच्या कागदावर नवीन कामगाराचा निष्काळजीपणा असं लागलं. काका काही बोलले नाहीत. त्यांच्या मशीनवरही काडी होतीच की.

आईने ती काडी बंबात टाकली. मग बाबा आत गेले, माझी बरणी घेऊन आले आणि सगळ्या काड्या बंबात ओतल्या. मी एरवी घर डोक्यावर घेतलं असतं. त्या दिवशी मी बंगल्याच्या अर्ध्या झालेल्या भिंतीसुद्धा आपणहून आणून दिल्या. चकत्या मात्र जळत नाहीत. त्या मी दुसऱ्या दिवशी नाल्यात टाकल्या.

बाबा पुढेही त्याच कंपनीत, त्याच मशीनवर होते. दोन बटणं, दोन हात. पीस कमी निघाले, बोलणी खाल्ली. आईचं हातांवर पाणी घालणं चालू राहिलं. पण त्यानंतर आमच्या घरातली भीती बदलली. आधी बाबा येत नाहीत म्हणून भीती वाटायची. आता संध्याकाळी फाटक वाजलं की कोण आलं याची.

आणि तो कळवणचा मुलगा यायचा. त्याला बाबांनी जीपमधून नेलं होतं ना, त्याचे उपकार होते त्याच्यावर! नोकरी सुटल्यावर तो कळवणला शेतीकडे परतला आणि दर मे महिन्यात कांद्याची गोणी घेऊन एसटीने यायचा. नेमका दिवे लागायच्या वेळेला. बाबांच्या पाया पडायचा. "काका, तुमी त्या दिवशी हात धरला नसता तर मी वाटेतच मेलो असतो," असं प्रत्येक वर्षी सांगायचा. बाबांचा चेहरा पांढरा पडायचा. कांदे आम्ही खायचो, पण बाबा भाजीतले कांदे ताटाच्या कडेला काढून ठेवायचे. सगळं सांगून टाका, असं आई कधी म्हणाली नाही. मीही नाही. सांगितलं तर काय होईल याची आम्हाला भीती वाटायची. पोलीस, कंपनी, गल्ली. आणि खरं म्हणजे, त्याचा चेहरा.

बाबा निवृत्त झाले तेव्हा माझं लग्न होऊन मुलगा चार वर्षांचा झाला होता. दोन हजार सालानंतरची गोष्ट. मी सुट्टीला माहेरी आले होते आणि तो गोणी घेऊन आला. आता अंगाने भरलेला, दोन मुलांचा बाप. अंगणात खुर्चीवर बसला. माझा मुलगा कांडी खात होता. खाऊन झाल्यावर त्याने काडी पाहुण्याच्या हातात दिली. लहान मुलं काहीही कुणाच्याही हातात देतात. पाहुण्याने ती डाव्या हाताच्या अंगठ्यात आणि तर्जनीत धरून उलटसुलट बघितली. बाबा समोर बसले होते. त्यांनी कप बशीत ठेवला.

"त्या दिवशी," बाबा म्हणाले. "त्या दिवशी ती काडी..."

"काका, चहा गार होतोय," तो म्हणाला. शांतपणे. "प्या तुमी."

त्याने काडी मोडली नाही, फेकली नाही, खुर्चीखाली ठेवून दिली. बाबांनी चहा प्यायला. मला तेव्हा कळलं की त्याला माहीत आहे. कधीपासून, ते विचारायची हिंमत मला झाली नाही. तो तरीही दरवर्षी कांदे का आणतो, तेही नाही.

त्याला सोडायला मी फाटकापर्यंत गेले. तोंडातून कसं निघालं कोण जाणे. इतक्या वर्षांत मी ते आईलाही सांगितलं नव्हतं.

"त्या संध्याकाळी मी देवाला सांगितलं होतं," मी म्हणाले, "बाबांची नको. दुसऱ्या कुणाचीही चालतील."

मला वाटलं, आता हा पुन्हा यायचा नाही. तो कडीवर हात ठेवून उभा राहिला. दोन बोटांचा हात.

"माझी आई बी तेच म्हनायची, ताई," तो म्हणाला. "मी कंपनीत लागलो ना, तवापासून रोज दिवा लावताना. माझ्या लेकाचं नको, दुसऱ्या कुनाचं व्हवू दे. लय मोठ्यानं म्हनायची."

तो गेला. मागे आईने देवासमोर दिवा लावला होता आणि हात जोडून ओठ हलवत होती. पलीकडच्या घरात काकूंनी लावला होता. त्यापलीकडेही. गल्लीच्या टोकापर्यंत एकेक दिवा लागत गेला, आणि दुसऱ्या पाळीची माणसं अजून कामावरच होती.